वजिराला नमस्कार

"अगं, वजीर तुझा मामा लागतो का?"

भरलेल्या हॉलमध्ये हे मला विचारलं गेलं. मी बी. कॉम.च्या दुसऱ्या वर्षाला होते. आंतरमहाविद्यालयीन बुद्धिबळ स्पर्धा, मुलींची. अंधेरीतल्या एका जिमखान्याचा हॉल. छताला मोठे पंखे, भिंतीवर जुन्या अध्यक्षांचे फोटो, कोपऱ्यात पांढऱ्या कपड्यातला वेटर. अशा ठिकाणी मी पहिल्यांदाच आले होते. चपला बाहेर काढायच्या की नाही, हे दारात उभं राहून इतरांचे पाय बघून ठरवलं.

समोर मेधा कारखानीस. पार्ल्याच्या कॉलेजची. डाव माझा होता. फुशारकी मारत नाही, जे होतं ते सांगते. तिचा एक घोडा गेला होता, राजा उघड्यावर आला होता आणि आता काय होणार हे बाजूला उभ्या असलेल्या पोरींनाही दिसायला लागलं होतं.

माझा वजीर घराच्या कडेला सरकला होता. अर्धा या घरात, अर्धा त्या घरात. ते मला खुपत होतं. मी सवयीने म्हटलं, "नमस्कार", आणि बोट लावून तो मध्यभागी आणला.

मेधाने घड्याळ थांबवलं. हात वर केला.

नाईक नावाचा एक तरुण पंच आला. "काय झालं?"

"हिने वजिराला हात लावला. आता तोच हलवायला लागेल."

"मी आधी बोलले होते," मी म्हटलं.

"काय बोललीस?"

"नमस्कार."

इथे थांबून एक गोष्ट सांगायला हवी. आमच्या भांडुपच्या चाळीत सगळे असंच म्हणायचे. मंडळाच्या गणपतीत बुद्धिबळाच्या स्पर्धा व्हायच्या, मी तिथेच शिकले. चुकून कुणाला पाय लागला की आपण हात लावून नमस्कार करतो ना, तसंच ते. मोहरा खेळायचा नाही, नुसता सारखा करायचाय, तर आधी नमस्कार म्हणायचं. म्हणजे ही चाल नाही, नुसता लागलेला हात आहे. कुणी सुरू केलं कुणाला ठाऊक. मला वाटायचं सगळं जग असंच म्हणतं.

नाईक हसला नाही. त्याने फक्त मागे वळून बघितलं. मागून मुख्य पंच आले. कारखानीस सर. बुद्धिबळ संघटनेचे सचिव. मेधाचे वडील.

"नमस्कार?" ते म्हणाले. मग जरा मोठ्याने, हॉलला ऐकू जाईल असं, "अगं, वजीर तुझा मामा लागतो का?"

हॉल हसला. वेटरसुद्धा.

"नमस्कार देवळात घालायचा. इथे एक शब्द असतो. जादूब. फ्रेंच आहे. म्हण."

मी म्हटलं नाही.

"म्हण ना. शिकायला लाज कसली?"

"जादूब."

"छान. आता पुढच्या वेळी लक्षात राहील. आता मात्र हलव. हात लावलास ना?"

वजीर जिथे नेईन तिथे माझ्या राजामागची ओळ उघडी पडत होती. मी सगळी घरं बघितली. पुन्हा बघितली. मग एका घरात ठेवला आणि मेधाने हत्ती खाली आणून मात दिली. हात मिळवताना तिने बोटांची टोकं तेवढी दिली.

निघताना सर जवळ आले. आवाज अगदी प्रेमाचा.

"खेळतेस चांगली. कुठली तू?"

"भांडुप."

"तसं नाही. मूळची?"

"मालवणकडची."

"आडनाव काय म्हणालीस?"

मी सांगितलं.

"अच्छा," ते म्हणाले.

त्या अच्छाचा अर्थ मला त्या दिवशी नीट कळला नाही.

पुढच्या फेरीला मी हॉलमध्ये शिरले तर दोन मुलींनी हात जोडले. "या नमस्कारबाई!" त्या दिवसापासून माझं नाव तेच.

*

बाबांची गिरणी संपानंतर उघडलीच नाही. ते नाहूरला एका कारखान्याच्या गेटवर वॉचमन म्हणून उभे राहायला लागले होते. घरी आले तेव्हा मी मोरीपाशी बसून होते.

"काय झाला गो?"

"हरले."

"हरलंस तर हरलंस. रडतंस कित्याक?"

"हसले, बाबा. सगळे हसले मला."

बाबांनी टोपी खुंटीला अडकवली. मग म्हणाले, "माका पण हसत. गिरणीतले सायब."

"मग तुम्ही काय करायचात?"

"मी पण हसंय. त्यांच्यावांगडा."

त्यांनी ते असं सांगितलं, जणू दुखण्यावरचं घरगुती औषध सांगताहेत. मी ते घेतलं. खरंच घेतलं. पुढची काही वर्षं मी हसत राहिले. कुणी नमस्कारबाई म्हणालं की मी आधी हसायचे, म्हणजे समोरच्याचं हसू जरा लवकर संपायचं.

हसता हसता खेळत होते. मुलुंडच्या वाचनालयात बुद्धिबळाची चार जाडजूड पुस्तकं होती. घरी न्यायला परवानगी नव्हती, म्हणून तिथेच खिशातला छोटा पट मांडून बसायचे. जगातल्या मोठमोठ्या खेळाडूंचे डाव. त्यांच्या चांगल्या चालीपुढे उद्गारचिन्ह असतं, फारच चांगलीपुढे दोन. प्रत्येक डावाआधी खेळाडूची थोडी माहिती. कुणाचा बाप कामगार, कुणाचं बालपण युद्धात उपाशी गेलेलं, कुणाला स्वतःच्या देशानेच बाहेर काढलेलं. ते सगळं एका ओळीत. त्या ओळीपुढे उद्गारचिन्ह नसायचं. मी ती ओळ आधी वाचायचे आणि मग डाव.

ग्रॅज्युएट झाले. आमच्या घरात पहिली. आमच्या मजल्यावर पहिली. आईने चाळीत पेढे नाही वाटले, चहा केला आणि ज्याला बोलवायचं त्याला बोलावलं. त्याच वर्षी उपनगरच्या बुद्धिबळ स्पर्धेत मुलींमध्ये पहिली आले. पुढच्या वर्षी पुन्हा. अंधेरीतल्या एका मोठ्या कचेरीत खेळाडूंच्या जागेवर मला नोकरी लागली. प्रोबेशनवर.

कचेरीतल्या क्रीडा विभागाचे प्रमुख कारखानीस सर. माणूस एकच, खुर्च्या दोन. संघटनेत ते ठरवायचे कोण खेळणार, कचेरीत ते ठरवायचे कोण टिकणार.

पहिल्याच दिवशी त्यांनी मला केबिनमध्ये बोलावलं. दोन पाहुणे बसले होते. सर म्हणाले, "ही आमची नमस्कार. भांडुपच्या चाळीतून उचलली मी हिला."

उचलली. पटावरून उचलतात तसं.

पाहुणे म्हणाले, "वा! सर, तुमची नजर!" आणि मी हसले.

कचेरीत सगळेच मग नमस्कार म्हणायला लागले. टायपिस्ट, लिफ्टमन, कँटीनवाला. "नमस्कार, जेवलीस का?" त्यांच्या तोंडी वाईट हेतू नव्हता. त्यांना वाटायचं लाडाचं नाव आहे. माझं खरं नाव तिथे फक्त पगाराच्या दिवशी घेतलं जायचं.

*

मग एक परदेशी ग्रँडमास्टर मुंबईत आला. घाटकोपरच्या एका शाळेच्या हॉलमध्ये त्याचा प्रदर्शनी खेळ ठेवला. टेबलं गोलाकार मांडायची, आतल्या बाजूने तो एकटा फिरणार, बाहेर बसलेल्या सगळ्यांशी एकाच वेळी खेळणार. सगळी बडी माणसं, त्यांची मुलं. मेधा पहिल्या टेबलावर. मला सरांनी सकाळी बोलावलं होतं ते पट मांडायला. मी मांडले. एक निमंत्रित आलाच नाही. खुर्ची रिकामी दिसली तर फोटोत वाईट दिसेल, म्हणून सर म्हणाले, "नमस्कार, बस तिथे. लवकर हरलीस तरी चालेल, पण उठू नकोस."

ग्रँडमास्टर माझ्या टेबलाशी आला. उंच माणूस, कोटाला सिगरेटचा वास. चाल करण्याआधी त्याने माझ्या पटाकडे वाकून बघितलं. त्याचा घोडा तिरका बसला होता. तो तोंडातल्या तोंडात काहीतरी पुटपुटला, दोन बोटांनी घोडा सरळ केला आणि मग चाल केली ती प्याद्याची.

सर त्याच्या खांद्यालगत उभे होते. हसत होते, पण आदराने.

पण मी ऐकलं होतं. तो जादूब म्हणाला नव्हता. काहीतरी वेगळंच, त्याच्या घरचं, त्याच्या भाषेतलं. त्याची आई तिच्या स्वयंपाकघरात म्हणत असेल तसलं काहीतरी. आणि कुणी विचारलं नाही, घोडा तुझा मामा लागतो का म्हणून.

तो डाव मी सोडला नाही. एकेक टेबल रिकामं होत गेलं, मेधाही उठली. शेवटी त्याने माझ्याकडे बघून हात पुढे केला. बरोबरी. पूर्ण हात, बोटांची टोकं नाही. दुसऱ्या दिवशी पेपरात फोटो आला तो पहिल्या टेबलाचा.

खुर्च्या आवरताना मी नाईकला गाठलं. तोच पंच, आता जरा पोट सुटलेला.

"नाईक, ते घोड्याला हात लावताना काय म्हणाले?"

"कोण जाणे. त्यांच्या भाषेत असेल काही."

"जादूब नाही म्हणाले."

तो खुर्च्या एकात एक घालत राहिला. मग म्हणाला, "तुझं तेव्हा बरोबर होतं यार. आधी सांगायचं, एवढंच असतं. कुठल्या शब्दात, त्याचं काही नसतं."

"तुला तेव्हा माहीत होतं?"

"हो ना."

"मग बोलला का नाहीस?"

"सरांची मुलगी होती समोर."

"आणि मी कोण होते?"

नाईकने पुढची खुर्ची उचलली.

घरी जाताना मला राग आला तो सरांचा नाही. माझ्या हसण्याचा आला. एवढी वर्षं मी समजत होते की चूक माझी होती, मला शब्द माहीत नव्हता, मी अडाणी निघाले. आणि ज्यांना माहीत होतं ते सगळे गप्प बसून मला हसताना बघत होते. चूक शब्दाची नव्हती. तो कुणाच्या तोंडून आला, एवढाच प्रश्न होता. त्या दिवशी मी बाबांचं औषध बंद केलं.

सोमवारी कचेरीत सरांनी दारातून हाक मारली. "नमस्कार! दोन चहा सांग."

मी मान वर केली नाही.

"नमस्कार!"

मी लिहीत राहिले. ते माझ्या टेबलापाशी आले. "ऐकू येत नाही का?"

"मला हाक मारलीत का सर? मला वाटलं तुम्ही कुणाला तरी नमस्कार करताय."

टायपिस्ट फिस्सकन हसली. मग पलीकडचा क्लार्क. मग सगळी ओळ. पहिल्यांदाच त्या खोलीत हसू दुसऱ्या दिशेला गेलं.

सर हसले नाहीत. त्यांनी माझ्याकडे बघून हळूच मान हलवली, जणू एखादी गोष्ट बाजूला ठेवून दिली, नंतर बघू म्हणून. मला ते आवडलं नाही. ओरडले असते तर बरं वाटलं असतं.

*

त्यानंतर काहीच झालं नाही. हेच भयंकर होतं. सर मला नावाने हाक मारायला लागले. पूर्ण नावाने, आडनावासकट. केबिनमध्ये बोलावणं बंद झालं. स्पर्धेसाठी सुट्टी मागितली तर लगेच मिळायची. टायपिस्ट मला जिन्यात म्हणाली, "सांभाळ गं. ते गोड बोलायला लागले की मला भीती वाटते. आधीच्या एकाची अशीच वाट लागली." मी विचारलं, कुणाची? ती म्हणाली, "जाऊ दे ना," आणि भरभर उतरून गेली.

मग राज्याच्या संघाची निवड स्पर्धा आली. जी पहिली येईल ती राष्ट्रीय स्पर्धेला जाणार. शेवटच्या फेरीआधी मी पुढे होते, मेधा माझ्या मागोमाग. शेवटची फेरी आमचीच. मला बरोबरी पुरत होती. तिला जिंकणं भाग होतं.

आदल्या दिवशी दुपारी सरांनी केबिनमध्ये बोलावलं. दार लावून घेतलं. स्वतः उठून मला खुर्ची दिली.

"बाबा कसे आहेत?"

"बरे आहेत."

"गेटवर उभं राहणं या वयात कठीण. तुझ्यावरच सगळं ना?"

"हो सर."

"तुझं कन्फर्मेशन माझ्या टेबलावर आलंय. या महिन्यात करून टाकू." मग टेबलावरचा पेपरवेट त्यांनी एका जागेवरून दुसऱ्या जागेवर ठेवला. "मेधाचं पुढच्या वर्षी लग्न आहे. मग कसलं खेळणं. तिला हे एकदा मिळायला हवं. तू लहान आहेस. पुढच्या वर्षी तूच जाणार, मी आहे ना."

मी खुर्चीतून उठायला लागले.

"हरायचं म्हणजे काही मोठं नसतं. एखादा उंट इकडचा तिकडे. कुणाला कळतही नाही. तू हुशार आहेस, तुला सगळं सांगायला नको."

दार उघडताना ते म्हणाले, "बाबांना सांग, मी विचारलं होतं."

घरी मी आईला सांगितलं. आई तांदूळ निवडत होती. ती थांबली नाही.

"हर," ती म्हणाली.

"आई!"

"हर म्हटलं ना. एकदा हरल्याने काय जातंय? पोरगी जाईल त्याची, मिरवेल, परत येईल. आपल्या घरात पगार राहील. तुझ्या बापाचे पाय बघितलेस? संध्याकाळी सुजून येतात."

"मला नाही जमणार."

"जमवायचं असतं. मी काय काय जमवलंय ते तुला कुठे माहीत आहे?"

तिचं चूक होतं असं मी आजही म्हणत नाही. तिने तिचं गणित मांडलं, त्यात खोट नव्हती. बाबा भिंतीला टेकून ऐकत होते. मी त्यांच्याकडे बघितलं. त्यांनी नजर पायाकडे वळवली. त्या घरात त्या संध्याकाळी माझ्या बाजूने कुणीही नव्हतं, आणि मीसुद्धा पूर्ण नव्हते. खरं सांगते, सकाळी मी घराबाहेर पडले ती हरायचं ठरवून.

*

हॉल बोरिवलीचा. मी बसले. मेधा उशिरा आली, खांद्यावर नवीन पर्स. हसून म्हणाली, "हाय." घड्याळ सुरू झालं.

ती भराभर खेळत होती. मला आधी वाटलं, घरून तयारी करून आलीय. मग लक्षात आलं, ती विचारच करत नाहीये. मी चाल केली की माझा हात मागे जायच्या आत तिची चाल. मधल्या वेळात ती उठून मैत्रिणीच्या टेबलापाशी जायची, कानात काही बोलायची, परत यायची. एकदा तर पटाकडे न बघता तिने घोडा हलवला.

तिला माहीत होतं. सगळं ठरलंय, हे तिला घरी सांगितलं होतं. ती माझ्याशी खेळतच नव्हती. मी म्हणजे समोर ठेवलेली एक वस्तू. मी कशी हरणार, हे बघण्याचंही कुतूहल तिला नव्हतं.

जिमखान्यात मला हसले होते ते मी सोसलं. चाळीतून उचलली म्हणाले, तेही. पण हे वेगळं होतं. बुद्धिबळ हीच एक जागा होती जिथे माझ्यासमोर बसणाऱ्याला माझा विचार करावा लागायचा. ही आता काय करेल, हिच्या डोक्यात काय चाललंय? असा विचार माझ्याबद्दल दुसरीकडे कुणीच केला नव्हता. शाळेत नाही, कचेरीत नाही. आणि तेसुद्धा हे काढून घेत होते.

मेधाने उंट असा ठेवला की तिच्या राजामागचं घर मोकळं पडलं. अशी चूक ती एरवी कधीच करत नाही. चांगली खेळाडू आहे ती, हेही लिहिते. सर भिंतीपाशी उभे होते, हाताची घडी घालून. माझ्याकडे बघत होते. मला नुसता हत्ती बाजूला न्यायचा होता, आणि सगळं त्यांच्या मनासारखं.

मी हात पुढे केला. आईचे तांदूळ डोळ्यांसमोर आले. बाबांचे पाय आले. आणि तरी मी हत्ती उचलला तो तिच्या मागच्या ओळीत नेऊन ठेवला.

मेधा मैत्रिणीपाशी होती. परत आली, वाकली, हात मोहऱ्याकडे नेला आणि तसाच थांबला. मग ती बसली. पहिल्यांदाच नीट बसली. पट बघितला. मग मला बघितलं. त्यानंतर तिने खूप वेळ विचार केला, घड्याळातला वेळ जवळजवळ संपवला. पण आता तिथे काही नव्हतं. थोड्या चालींत मात झाली.

सर चालत आले. आजूबाजूला लोक जमले होते. ते दात आवळून म्हणाले, "हे काय केलंस?"

मी उभी राहिले. माझा आवाज मलाच परका वाटला, पण मोठा होता.

"सर, तुम्ही मला हरायला सांगितलं होतं. मला जमलं नाही."

नाईक तिथेच होता, हातात निकालपत्रक. मी त्याच्याकडे बघितलं. तो कागदाकडे बघत होता.

सर म्हणाले, "मुलगी दमलीय. पाणी द्या कुणीतरी."

*

संघटनेने निकाल राखून ठेवला आहे. कचेरीने माझं कन्फर्मेशन. चौकशी लागली: वरिष्ठांवर खोटा आरोप, उद्धट वर्तन, अखिलाडूवृत्ती. शेवटचा शब्द त्यांनी खरंच वापरलाय.

मार्ग दिलाय. उद्या सकाळी समितीपुढे उभं राहून मी म्हणायचं: असं बोलणं झालंच नाही, मी गैरसमजातून बोलले, मला माफ करावं. एवढं म्हटलं की नोकरी पक्की, निकालसुद्धा जाहीर करतील, मी राष्ट्रीयला जाईन. फुकट काहीच मागत नाहीत ते. फक्त मी खोटी होते, एवढं माझ्या तोंडून हवंय. नाही म्हटलं तर नोकरी नाही आणि संघटनेची बंदी. किती वर्षांची, ते ठरवणार.

काल मेधा चाळीत आली होती. खाली रिक्षा थांबवून. दारात उभी राहिली, आत ये म्हटलं तर नको म्हणाली.

"म्हणून टाक ना गं. तुझंच भलं आहे. बाबा काही वाईट नाहीत."

"तुला माहीत होतं ना, मेधा?"

ती जिन्याकडे बघत राहिली. "मला वाटलं तू ऐकशील."

"का वाटलं?"

"सगळेच ऐकतात," ती म्हणाली. तिच्या आवाजात माज नव्हता. तिला खरोखर दुसरं काही माहीतच नव्हतं.

टायपिस्टने निरोप पाठवलाय, माफी माग. नाईकने नाहीच पाठवला. आई बोलत नाही. बाबा आज ड्युटीवर जाताना दारात थांबले, माझ्याकडे बघितलं, टोपी घातली, गेले. त्यांना काय म्हणायचं होतं ते मी विचारलं नाही. त्यांच्याकडून हो हवं असं मला आता वाटत नाही. हे मी त्यांच्यासाठी करत नाहीये, त्यांच्या नावावर ढकलणारही नाही.

उद्या मी जाणार. समितीत तिघे असतील, मधल्या खुर्चीवर कोण बसेल ते मला माहीत आहे. मला विचारतील. मी सांगेन: बोलणं झालं होतं, दार लावून झालं होतं, एक शब्दही मागे घेत नाही. त्यानंतर नोकरी जाईल. पुढच्या महिन्यात घर कसं चालेल हे मला ठाऊक नाही आणि ठाऊक असल्याचा आव मी आणणार नाही. कदाचित आईचं गणितच खरं ठरेल.

पण पुढच्या निवड स्पर्धेला मी येणार. बंदी असली तरी येणार. ज्या टेबलावर माझी जागा आहे तिथे बसणार. सर, तुम्हाला मी नको असेन तर हाताला धरून उठवा, सगळ्यांच्या देखत. मी आपणहून उठणार नाही.